दागिन्यावरची अक्षरे

मुलांनो, कोथरूडला एखाद्या लग्नाला गेलात, तर वयस्कर बायकांच्या गळ्याकडे पाहा. एखादीच्या गळ्यात सोन्याच्या गोल, चपट्या नाण्यांची माळ दिसेल. ती पुतळ्यांची माळ. ‘पुतली’ हा शब्द तुम्हांला उर्दूतून माहीत आहेच. या नाण्यावर माणसांच्या आकृत्या असत, म्हणून ते ‘पुतळी’.

हे नाणे मूळचे इटलीतील व्हेनिस शहराचे. त्याचे नाव डुकाट. ते १२८४ साली प्रथम पाडले गेले. वजन सुमारे साडेतीन ग्रॅम, सोने अगदी शुद्ध. एका बाजूला संत मार्क व त्यांच्यापुढे गुडघे टेकलेला शहराचा प्रमुख, दुसऱ्या बाजूला येशू ख्रिस्त, आणि कडेने लॅटिन अक्षरे. तांबड्या समुद्रातून व्यापाऱ्यांबरोबर ते हिंदुस्थानात आले. इथल्या सोनारांनी त्याच्या नकला केल्या. पण लॅटिन वाचणार कोण? अक्षरांच्या जागी नुसत्या रेघा आणि ठिपके उरले. त्या आकृत्यांना कोणी राम-सीता समजू लागले!

असेच उत्तर युरोपात फार पूर्वी घडले होते. पाचव्या शतकात तिथले सोनार रोमन नाणी पाहून सोन्याच्या पातळ चकत्या बनवत व कडी लावून त्या गळ्यात घालत. तिथेही लॅटिन अक्षरे बिघडली. मात्र काही सोनारांनी चकतीवर आपल्याच लिपीत मजकूर घातला. त्या लिपीला ‘रून’ म्हणतात. तिची जुनी अक्षरे २४, बहुतेक सरळ रेघांची.

डेन्मार्कमधील विंडेलेव्ह गावी २०२० साली जमिनीत सुमारे ८०० ग्रॅम सोने सापडले. त्यातील एका चकतीवरचा मजकूर २०२३ साली अभ्यासकांनी वाचला. चकतीवरचा पुरुष ओदिन देवाचा माणूस आहे, असे त्यात म्हटले आहे. ओदिनचे नाव त्याआधी जिथे सर्वांत जुने सापडले होते, तो जर्मनीतला दागिना याहून सुमारे दीडशे वर्षांनी अलीकडचा! एका चकतीने इतिहास एवढा मागे नेला.

ती चकती जमिनीत होती, म्हणून वाचली. आपल्याकडे जुन्या पुतळ्या मोडून नवा दागिना घडवतात. सोने तेवढेच राहते, अक्षरे मात्र आटणीत जातात. तुमच्या किंवा शेजाऱ्यांच्या घरी पुतळी असेल, तर मोठ्यांना विचारून भिंगातून तिची कड पाहा. अक्षरे की नुसत्या रेघा? जसे दिसेल तसे वहीत उतरवून आणा.