वायर आधी, ड्रायर मग

दारव्हा, जि. यवतमाळ

चि. वृषालीस,


यवतमाळात झड लागली, बाळाची दुपटी वाळत नाहीत, म्हणून ड्रायर घ्यायचा म्हणतेस. जरूर घे. पण दुकानात जाण्याआधी घरातली वायरिंग बघून घे.

सेमी-ऑटोमॅटिकच्या ड्रायरवरून अंदाज बांधू नकोस. तो कपडे गरगरा फिरवून पाणी काढतो. त्याला लहानशी मोटर पुरते. तू म्हणतेस त्यात हीटर असतो. पाटीवर 2400 वॅट असेल, तर 230 व्होल्टवर ते यंत्र साडेदहा अँपिअर ओढणार. ते 6 अँपिअरच्या सॉकेटचं काम नव्हे. जाड पिना बसत नाहीत म्हणून लोक कन्व्हर्टर लावतात. मग सॉकेट पिवळं पडतं, जळका वास येतो आणि शेवटी वितळतं. 16 अँपिअरचं सॉकेट, मेन बोर्डापासून 4 चौरस मिलिमीटरची तांब्याची स्वतंत्र वायर, तिला वेगळी एमसीबी आणि घराला 30 मिलिअँपिअरची आरसीसीबी, एवढं हवंच. मीठ-कोळशाचं जुनं अर्थिंग आपल्याकडच्या उन्हाळ्यात कोरडं पडतं, तेही तपासून घे.

महावितरणच्या बिलावर ‘मंजूर भार’ छापलेला असतो. ड्रायर नि 2000 वॅटचा गिझर एकदम चालले की तेवढ्यानंच 19 अँपिअर होतात. भार कमी असेल तर वाढवून घे. दीड तास हीटर चालला की साडेतीन युनिट गेले. महिन्याला 100 युनिटच्या वर गेलं की दरही चढतो. हीट पंपाचा ड्रायर महाग आणि संथ, पण बहुधा हजार वॅटच्या आत भागवतो. रोज लागणार असेल तर तोच बघ.

व्होल्टेज 180 वर आलं की हीटरची ताकद चाळीस टक्क्यांनी घटते. त्या वेळी मशीन लावू नकोस. अमेरिकेतून कुणी जुना ड्रायर देऊ केला तरी घेऊ नकोस. तो 60 हर्ट्झचा, आपली वीज 50 हर्ट्झची.

जाळीत साचलेली लव दर वेळी काढ. कापूस किती पटकन पेटतो, हे आपल्या जिल्ह्यातल्या माणसाला सांगायला नको.

काम परवानाधारक वायरमनकडूनच करून घे. अर्थिंग मोजून दाखवल्याशिवाय त्याचे पैसे चुकते करू नकोस.

तुझा,
काकाजी