सेवाज्येष्ठतेचा वाद : सरळसेवा आणि पदोन्नती

शासनाच्या अनेक सेवांमध्ये एकाच पदावर दोन मार्गांनी नेमणुका होतात. काही जागा स्पर्धा परीक्षेद्वारे थेट, तर काही खालच्या पदावरील अनुभवी कर्मचाऱ्यांच्या पदोन्नतीने भरल्या जातात. या दोहोंचे ठरलेले प्रमाण म्हणजे ‘कोटा’ आणि ज्येष्ठता यादीत दोन्ही गटांची नावे आळीपाळीने लावण्याचा क्रम म्हणजे ‘रोटा’. पुढील पदोन्नती या यादीनुसार होत असल्याने एका क्रमांकाचा फरकही कर्मचाऱ्याला वर्षानुवर्षे भोवू शकतो.

सरळसेवेची परीक्षा लांबली की रिकाम्या जागी पदोन्नत कर्मचारी काम करू लागतो. काही वर्षांनी थेट भरतीचा उमेदवार येतो आणि रोट्याच्या आधारे वरच्या क्रमांकावर दावा सांगतो. मग ज्येष्ठता कोणत्या दिवसापासून मोजावयाची?

दिल्ली उच्च न्यायिक सेवेत हाच प्रश्न उभा राहिला. १९७० च्या नियमांनुसार थेट नेमलेल्या वकिलांसाठी कमाल एक-तृतीयांश जागा होत्या आणि रोट्यात पहिली जागा त्यांची, पुढील दोन पदोन्नतांच्या. प्रत्यक्षात अनेक पदोन्नत न्यायाधीश तात्पुरत्या पदांवर सलग काम करीत राहिले. ओ. पी. सिंगला प्रकरणात (१९८४) सर्वोच्च न्यायालयाने त्यांची सलग सेवा ग्राह्य धरली. मात्र नेमणूक केवळ तदर्थ वा हंगामी नसावी, ही अट घातली. तरीही वाद शमला नाही. रुद्रकुमार सैन प्रकरणात (२०००) घटनापीठाला तेच तत्त्व पुन्हा अधोरेखित करावे लागले. दरम्यान १९९० मध्ये महाराष्ट्रातील अभियंत्यांच्या प्रकरणात घटनापीठाने नियमानुसार झालेल्या नेमणुकीत ज्येष्ठता नेमणुकीच्या तारखेपासून मोजावी, कायम होण्याच्या तारखेपासून नव्हे, असे स्पष्ट केले होते. परीक्षेच्या दृष्टीने हा निर्णय सर्वांत महत्त्वाचा मानावा.

केंद्रीय कार्यालयांत मात्र ज्ञापने बदलत गेली. १९५९ च्या तत्त्वांनुसार थेट भरतीच्या न भरलेल्या जागाही यादीत राखल्या जात, त्यामुळे उशिरा आलेला उमेदवार जुन्या जागेवर बसे. ७ फेब्रुवारी १९८६ च्या ज्ञापनाने ही प्रथा थांबवून उपलब्ध उमेदवारांपुरताच रोटा ठेवला. पण ‘उपलब्ध’ म्हणजे केव्हा? एन. आर. परमार प्रकरणात (२०१२) प्राप्तिकर निरीक्षकांबाबत न्यायालयाने रिक्त जागेच्या वर्षीच भरतीची प्रक्रिया सुरू झाली असेल तर त्या वर्षाची ज्येष्ठता द्यावी, असे ठरविले. समजा, २००८ ची जागा त्याच वर्षी कर्मचारी निवड आयोगाला कळविली आणि उमेदवार २०१० मध्ये रुजू झाला, तर तो २००८ च्या यादीत येई. विलंब उमेदवाराचा नसतो, हा युक्तिवाद न्याय्य वाटतो. पण ज्या काळात तो सेवेतच नव्हता, त्या काळाचे श्रेय त्याला मिळते, हेही खरे.

याच मुद्द्यावर मेघचंद्र सिंग प्रकरणात (१९ नोव्हेंबर २०१९) न्यायालयाने परमार निर्णय रद्द ठरविला. मणिपूर पोलीस सेवेचे हे प्रकरण होते. सेवेत नसलेल्या काळाची ज्येष्ठता मागता येत नाही. मात्र परमारनुसार आधीच ठरलेल्या ज्येष्ठतेला बाध येणार नाही, असा हा निकाल. त्यानुसार १३ ऑगस्ट २०२१ च्या ज्ञापनाने २०१४ चे परमारवर आधारित ज्ञापन मागे घेतले. २०२२ मध्ये हरिहरन प्रकरणात मेघचंद्र निर्णयाच्या अचूकतेचा प्रश्न मोठ्या पीठाकडे सोपविण्यात आला.