नक्कल कुणाची, नाव कुणाचं?

वसईतल्या ख्रिस्ती लग्नांत ब्रास बँड अजून ऐकू येतो. ट्रम्पेटवर हिंदी गाणं सुरू झालं की लहानथोर नाचायला लागतात. पण ही वाद्यं आणि ही चाल एकमेकांना भेटली कुठे, हे विचारणारे थोडे. ते विचारणारी एक पुतणी आणि बँडमध्ये उभं आयुष्य ट्रम्पेट वाजवलेले तिचे काका यांच्यातला हा संवाद. निमित्त अमेरिकी बँडमास्टर ग्लेन मिलरच्या नाचाच्या गाण्यांच्या संग्रहाचं.

पुतणी : काका, मिलरचा हा संग्रह मोबाइलवर सापडला. पण गाणी आठच. एवढीच का?

काका : कारण तो १९४५ चा आहे. एलपी आली १९४८ साली. त्याआधी लाखेची तबकडी, मिनिटाला ७८ फेरे, एका बाजूला जेमतेम तीन-साडेतीन मिनिटं. अशा चार तबकड्या जाड पुठ्ठ्याच्या वहीत घालून विकायच्या. चार तबकड्या, आठ बाजू, आठ गाणी. मिलर तेव्हा राहिला नव्हता. १५ डिसेंबर १९४४ ला इंग्लिश खाडीवरून जाताना त्याचं विमान बेपत्ता झालं. मग कंपनीने त्याची आधीच गाजलेली गाणी एकत्र केली. ‘मूनलाइट सेरेनेड’, ‘टक्सिडो जंक्शन’, ‘इन द मूड’.

पुतणी : ‘इन द मूड’ ऐकलंय मी.

काका : ऐकलं असशील, पण कान देऊन नाही. परत लाव. सॅक्सोफोनवाले एक छोटा तुकडा घोळवतायत ना? तो तुकडा तीन सुरांचा आणि ताल चारचा. त्यामुळे जोर दर वेळी वेगळ्या सुरावर पडतो. पाय आपोआप हलतात ते त्यामुळे. मधे मधे ट्रम्पेट आणि ट्रॉम्बोन उत्तर देतात. पुढे दोन टेनर सॅक्सोफोनची जुगलबंदी, टेक्स बेनेकी आणि अल क्लिंक. मग क्लाइड हर्लीचा ट्रम्पेट. आणि शेवट बघ. तोच तुकडा हळू, आणखी हळू, नाचणाऱ्यांना वाटतं संपलं. तेवढ्यात सगळा बँड एकदम अंगावर येतो.

पुतणी : भारी बांधलंय मिलरने.

काका : मिलरने नाही. रचनेवर नाव आहे जो गार्लंडचं. आणि तो तुकडा त्याच्याही आधीचा. १९३० साली विंगी मॅनोनने ‘टार पेपर स्टॉम्प’मध्ये वाजवलेला. १९३१ साली फ्लेचर हेंडरसनच्या बँडने दुसऱ्या गाण्यात घेतला. गार्लंडने त्याची मोठी रचना करून आर्टी शॉ या बँडमास्टरकडे नेली, पण ती सहा मिनिटांच्या वर जायची, तबकडीवर मावेना. मिलरने काटछाट केली आणि १९३९ साली तीन-साडेतीन मिनिटांत बसवली.

पुतणी : म्हणजे ढापाढापीच की!

काका : काटछाट ही विद्या आहे, पोरी. काय ठेवायचं हे कळायला कान लागतो. आणि लिहिलेलं वाचून वाजवायला वर्षं घालवावी लागतात. आता कोण शिकतंय नोटेशन? एकदा एका लग्नात आम्ही वाजवत असताना मधेच डीजे लावला. आम्हाला पैसे पूर्ण दिले आणि गप्प बसा म्हणाले. पैसे मिळाले, मग तक्रार कुठल्या तोंडाने करायची?

पुतणी : ते राहू द्या. हे संगीत आपल्याकडे आलं कसं?

काका : ते कसं राहू देऊ! बरं, ऐक. १९३५ साली लिऑन ॲबी अमेरिकेतल्या काळ्या वादकांचा बँड घेऊन मुंबईच्या ताजमहाल हॉटेलात आला. मग त्याच बँडमधला क्रिकेट स्मिथ, पुढे पियानोवाला टेडी वेदरफोर्ड. त्यांच्या शेजारी आपले गोव्याचे वादक उभे राहिले. गोव्यात चर्चच्या शाळांत पोरांना व्हायोलिन आणि नोटेशन शिकवायचे, त्यामुळे कागद समोर ठेवला की वाजलंच. आल्डोनाचा आंतोनियो झेवियर वाझ ट्रम्पेट वाजवायचा. लोक त्याला शिक चॉकलेट म्हणायचे. मिकी कोरियाने १९३९ पासून वीसेक वर्षं ताजचा बँड चालवला.

पुतणी : आणि मग सिनेमा.

काका : १९५० मध्ये मुंबईत दारूबंदी आली, डान्स हॉलचं उत्पन्न आटलं. आधीपासून स्टुडिओत जाणारे वादक आता तिथेच रमले. संगीतकार सी. रामचंद्र म्हणजे आपले चितळकर, तेव्हाच्या नगर जिल्ह्यातल्या पुणतांब्याचे. त्यांनी १९५१ च्या ‘अलबेला’त शिक चॉकलेटच्या बँडकडून वाजवून घेतलं आणि त्याला पडद्यावरही आणलं. नाचले भगवानदादा पालव.

पुतणी : थांबा. अमेरिकेची नक्कल गोवेकरांनी केली, त्यांची सिनेमाने, सिनेमाची आपल्या वसईच्या बँडने. मग यात आपलं काय?

काका : पुन्हा तेच! ‘अलबेला’त चितळकरांनी एकीकडे हा धांगडधिंगा दिला आणि दुसरीकडे ‘धीरे से आजा री’सारखी अंगाई. एकाच माणसाचे दोन हात. नक्कल करणाऱ्याला एकच हात असतो.

पुतणी : पण चाल तर तिकडचीच होती. चितळकरांच्या ‘गोरे गोरे’ गाण्याची तरी?

काका : हो, ती बाहेरून उचललेली. मी नाही म्हणत नाही. पण भगवानदादांचे ते खांदे उडवत टाकलेले पाय कुठल्या अमेरिकन सिनेमातले? त्यांच्यासारखं नाचत आपल्याकडे गणपतीचं विसर्जन होतं, वराती निघतात. आपल्या वाडीतली केळ घे. खुंट दुसऱ्याच्या वाडीतून आणला म्हणून घड त्याचा होतो का? पाणी कुणी घातलं, खत कुणी दिलं, तेही बघायचं ना?

पुतणी : मग खुंट कुणाकडून आणला, हे सांगायला नको?

काका : (जरा थांबून) सांगायलाच हवं. आता तू मुद्द्यावर आलीस. उसनं घेणं हे संगीतात पहिल्यापासून आहे. अपराध नाव गाळण्यात आहे. मॅनोनचा तुकडा मिलरच्या नावाने जगभर गेला. आपल्या सिनेमाच्या तबकडीवर काय छापायचे? चित्रपट, गायक, संगीतकार. ट्रम्पेट कुणाचा, सॅक्सोफोन कुणाचा, सगळ्या वादकांचे सूर कुणी लिहून काढले, याची ओळसुद्धा नाही. शंकर-जयकिशनचे भलेमोठे वाद्यवृंद नोटेशनमध्ये उतरवायचे सेबॅस्टियन डिसोझा. किती जणांना ठाऊक आहे?

पुतणी : मला नव्हतं.

काका : आणि अँथनी गोन्साल्विस? ते नाव सगळ्यांना पाठ आहे, १९७७ च्या ‘अमर अकबर अँथनी’मुळे. पण तो माणूस खरा होता. गोव्यातल्या मजोर्ड्याचा व्हायोलिनवादक, त्या सिनेमाचे एक संगीतकार प्यारेलाल यांचा गुरू. शिष्याने गुरूचं नाव गाण्यात घातलं, आणि लोक त्या नावावर नाचले.

पुतणी : मिलरसारखा या मुंबईच्या बँडवाल्यांचा संग्रह त्या काळात निघाला नाही?

काका : त्यांच्या सुट्या तबकड्या निघाल्या. क्रिकेट स्मिथच्या बँडने १९३६ साली ‘ताजमहाल’ नावाची फॉक्सट्रॉट नाचाची धून वाजवली, ती मेना सायलसने रचलेली. नरेश फर्नांडिस यांनी २०१२ साली ‘ताजमहाल फॉक्सट्रॉट’ हे पुस्तक लिहिलं, तेव्हा कुठे या माणसांची ओळख झाली. मधली पंचाहत्तरेक वर्षं गाणी वाजत राहिली आणि वाजवणारे एकेक करून गेले.

पुतणी : आपल्या वसईच्या बँडवाल्यांचं तरी कुठे लिहिलंय?

काका : म्हणून तर तुला बसवून सांगतोय. तुला ते व्याख्यान वाटत असेल तर वाटू दे.

काकांचं म्हणणं मला पटतं. कुठली चाल कुठून आली, याचा वाद अभ्यासक घालतील. आपल्या हातात आहे ते सोपं काम. नंदाखाल, गास, पापडी, निर्मळ, आगाशी, जिथे जिथे घरात बँडचा जुना फोटो असेल, तिथे आजच घरातल्या वडीलधाऱ्याजवळ बसा. फोटोतला प्रत्येक माणूस कोण, तो कुठलं वाद्य वाजवायचा, कुणाकडे शिकला आणि साल कुठलं, एवढं फोटोच्या मागे पेन्सिलने लिहून ठेवा. सांगणारे आहेत तोवरच हे होईल.