कलामहर्षी बाबूराव पेंटर

बाबूराव कृष्णराव मेस्त्री यांचा जन्म ३ जून १८९० रोजी कोल्हापूर येथे झाला. वडील कुशल कारागीर होते. लाकूडकाम व कोरीवकाम ही घरचीच विद्या होती. बाबूरावांनी कोणत्याही कलाशाळेत शिक्षण घेतले नाही. वडिलांचे काम पाहावे, हत्यार हाती घ्यावे आणि चुकेल ते पुन्हा करावे, अशा रीतीने ते शिकले.

पुढे नात्याने भाऊ असलेल्या आनंदरावांसह ते नाटकमंडळ्यांचे पडदे रंगवू लागले. राजवाडा किंवा अरण्य सपाट कापडावर असे उतरवावे लागे, की दूर बसलेल्या प्रेक्षकास त्यात खोली भासावी. छायाप्रकाशाचे ज्ञान त्यांना या कामातूनच झाले. लोक त्यांना ‘पेंटर’ म्हणू लागले व तेच त्यांचे आडनाव झाले.

१९१३ मध्ये दादासाहेब फाळके यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ हा मूकपट प्रकाशित झाला. त्यापासून स्फूर्ती घेऊन या दोघांनी चित्रपटाचा कॅमेरा स्वतःच घडविण्याचा निश्चय केला. परंतु काम अपुरे असतानाच १९१६ मध्ये आनंदराव निवर्तले. सोबती गेला तरी बाबूरावांनी काम सोडले नाही. शिष्य विष्णुपंत दामले यांच्या साहाय्याने त्यांनी कॅमेरा पुरा केला. गायिका तानीबाई कागलकर यांनी भांडवल पुरविले आणि ‘महाराष्ट्र फिल्म कंपनी’ उभी राहिली. १९२० मध्ये तिचा ‘सैरंध्री’ हा मूकपट पुण्यास झळकला. १९२५ च्या ‘सावकारी पाश’ मध्ये कर्जापायी जमीन गमावणाऱ्या शेतकऱ्याचे दुःख त्यांनी दाखविले.

चित्रीकरणापूर्वी प्रसंग व पोशाख ते कागदावर रेखाटून घेत. जाहिरातीची चित्रेही ते स्वतः रंगवीत. दामले, फत्तेलाल, शांताराम हे त्यांच्याच हाताखाली तयार झाले व १९२९ मध्ये त्यांनी ‘प्रभात’ची स्थापना केली. उत्तरायुष्यात बाबूराव पुन्हा चित्र व शिल्प यांकडे वळले. १६ जानेवारी १९५४ रोजी त्यांचे निधन झाले.

स्वतः शिकणे म्हणजे एकट्याने शिकणे नव्हे. बाबूरावांना वडील, भाऊ व शिष्य यांची साथ लाभली, आणि मिळालेली विद्या त्यांनी इतरांस मुक्तपणे दिली. गावातील सुतार, कुंभार किंवा मूर्तिकार यांचे काम मुलांना जवळून दाखवावे. त्यातून असाच एखादा हात जागा होईल.

प्रश्न :
१. पडदे रंगविताना बाबूराव काय शिकले?
२. आनंदरावांच्या निधनानंतर त्यांनी काय केले?
३. आपल्या गावातील एका कारागिराचे काम पाहून त्याचे चित्र काढा.