पाहुण्यांसाठी भाजलेलं पनीर

प्रश्न : आम्ही चेन्नईत राहतो. पाहुण्यांसाठी ओव्हनमध्ये चीजचा सोपा स्टार्टर करायचा आहे. मोझरेला घ्यावं का?

उत्तर : माझं मत पनीरच्या बाजूने आहे. मोझरेला ओव्हनमधून काढल्यावर काही मिनिटंच तार धरतं, मग चिवट होतं. पाहुणे मात्र ट्रॅफिकप्रमाणे येतात. पनीर वितळतच नाही. दूध उकळीपर्यंत तापवून आंबटाने फाडलं, की पाण्यात जाणारी प्रथिनंही केसीन या दुधातल्या प्रथिनाला चिकटतात आणि त्यांची जाळी उष्णतेने सुटत नाही. त्यामुळे तुकड्यांचा आकार टिकतो आणि ते कोमटही चांगले लागतात.

‘भाजलं की पनीर रबरासारखं होतं’ हा आक्षेप खरा आहे, पण दोष पनीरपेक्षा कोरड्या, लांबलेल्या भाजणीचा. पाव किलो पनीरचे जाड तुकडे दहा मिनिटं कोमट मिठाच्या पाण्यात ठेवा, टिपून घ्या. दोन चमचे चक्का आणि एक चमचा तिळाचं तेल (तुमच्याकडचं नल्लेण्णै) चोळा. आधीच तापवलेल्या ओव्हनमध्ये २२० अंशांवर बारा मिनिटं पुरतात. मुळगापोडी (इडलीबरोबरची डाळ-मिरचीची कोरडी चटणी) मात्र शेवटच्या दोन मिनिटांतच भुरभुरा. आधी घातली तर डाळ-मिरची करपून कडवट होते. इडलीची चटणी स्टार्टरला कशाला, असं कुणी म्हणेलही. पण पनीर मुळात सौम्य, त्याला तिखट-खमंग काही लागतंच. तारच हवी असेल, तर वरून थोडं मोझरेला किसा आणि लगेच वाढा. चक्का लावलेलं पनीर चेन्नईच्या उकाड्यात ओट्यावर ठेवू नका. भाजेपर्यंत फ्रिजमध्येच असू द्या.