इन्व्हर्टरच्या बॅटरीत अजून किती शिल्लक आहे?

प्रश्न : आमच्या घरी १२ व्होल्टची, १५० एएचची ट्युब्युलर बॅटरी आहे. लाइट गेली की तिच्यावर दोन पंखे, चार-पाच एलईडी दिवे आणि वायफाय चालतं. दोन तासांनी बॅटरीत किती शिल्लक राहिलं, हे साध्या वजाबाकीने काढता येईल का?
– एक वाचक, चाळीसगाव

उत्तर : येईल, पण अशा वापरात उत्तर थोडं जास्तच निघेल. आधी वजाबाकी करू. साधा पंखा साधारण ७५ वॅट घेतो. दोन पंख्यांचे १५० आणि दिवे-वायफायचे ५० मिळून २०० वॅट. इन्व्हर्टरमध्येही काही वीज खर्च होते, त्यामुळे बॅटरीला सुमारे २५० वॅट पुरवावे लागतात. २५० भागिले १२, म्हणजे जवळपास २१ अँपिअर. दोन तासांत ४२ एएच गेले, १०८ उरले. म्हणजे ७२ टक्के.

गोम आहे ती १५० या आकड्यात. लेबलवर त्याच्याजवळच बहुधा ‘सी-२०’ छापलेलं असतं. बॅटरी २० तासांत सावकाश उतरवली, म्हणजे साडेसात अँपिअरच घेतले, तर १५० एएच मिळतात, असा त्याचा अर्थ. तुम्ही त्याच्या जवळपास तिप्पट घेताय. अशा वेळी प्लेटच्या छिद्रांतलं ॲसिड पटकन पातळ होतं, बाहेरचं ॲसिड तितक्या लवकर आत झिरपत नाही आणि व्होल्टेज आधीच उतरतं. विल्हेल्म प्यूकर्ट या जर्मन शास्त्रज्ञाने १८९७ मध्ये या घटीचं सूत्र मांडलं. त्यातला घातांक १.२ धरला, तर २१ अँपिअरवर ही बॅटरी सात तासांऐवजी ५.८ तास चालते. दोन तासांत ३४ टक्के संपली, ६६ टक्के उरली. मात्र ही तूट कायमची नसते. पंखे बंद करून एकच दिवा ठेवला, तर मागे राहिलेली बरीचशी वीज हळूहळू मिळते.

हा झाला नव्या बॅटरीचा हिशोब. जुन्या बॅटरीची क्षमता घटलेली असते, म्हणून तिथे ॲसिडच तपासावं. वीज देताना सल्फ्युरिक ॲसिड खर्ची पडतं, पाणी तयार होतं आणि घनता खाली येते. बॅटरी दोन-तीन तास शांत राहू द्या, मग हायड्रोमीटरने सहाही सेलचं रीडिंग घ्या. समजा, भरलेल्या बॅटरीचं रीडिंग १२४० आणि पूर्ण उतरलेलीचं ११४० आहे. तर ११९० म्हणजे निम्मी शिल्लक. तुमच्या बॅटरीचे नेमके आकडे कंपनीच्या माहितीपत्रकातून घ्या. नुकतंच डिस्टिल्ड वॉटर घातलं असेल तर मोजू नका. ते खाली मिसळेपर्यंत रीडिंग खोटं येतं. डोळ्यांवर चष्मा आणि हातात रबरी मोजे हवेतच. एखाद्या सेलचं रीडिंग बाकीच्यांपेक्षा बरंच कमी असेल, तर दोष त्या सेलमध्ये असण्याची शक्यता मोठी.

झाकणांवरचे लाल-हिरवे तरंगते दांडे मात्र चार्जिंग दाखवत नाहीत. ते फक्त पाण्याची पातळी सांगतात.

निम्म्याच्या खाली बॅटरी वारंवार उतरवू नका आणि उतरलेली तशीच ठेवू नका. प्लेटवर लेड सल्फेटचे कठीण स्फटिक बसले की क्षमता कायमची घटते. तुमच्या भारावर निम्मी बॅटरी तीन तासांच्या आतच संपते. त्यामुळे लाइट जाऊन दोन तास झाले की निदान एक पंखा बंद करा.