भूमिकाखेळातील वारसदार आणि कोकणातील खोत

प्रौढांसाठी रचलेल्या काळोख्या अद्भुतरम्य भूमिकाखेळांचा विचार मराठीच्या वर्गात क्वचितच होतो. खेळणाऱ्याने कथेतील एक जागा स्वीकारावयाची आणि त्याच्या निर्णयांनी कथा पुढे सरकावयाची, हे या प्रकाराचे लक्षण होय. १९७४ मध्ये अमेरिकेत निघालेल्या ‘डंजन्स अँड ड्रॅगन्स’पासून तो रूढ झाला. प्रस्तुत टिपणात कॅनडातील ‘रेड हुक’ या छोट्या, स्वतंत्र संस्थेच्या ‘डार्केस्ट डंजन’ (२०१६) या संगणकीय खेळापुरते पाहावयाचे आहे.

एका पूर्वजाने लोभापायी वाड्याखालची भूमी खणली व तेथील अमंगळ जागे केले. आता वारसदाराने येऊन ते निस्तरावयाचे. मराठी वाचकाला येथे राही अनिल बर्वे यांचा ‘तुंबाड’ (२०१८) हा चित्रपट आठवेल. तोच वाडा, तेच धन, तोच पिढीजात हव्यास. परंतु हे साम्य उंबरठ्यापर्यंतच टिकते. ‘तुंबाड’मधील विनायक स्वतः खाली उतरतो. खेळातील वारसदार कधीच उतरत नाही. तो माणसे पाठवितो.

या माणसांच्या मनावरील ताण आकड्यांत मोजला जातो. तो १०० वर गेला की बहुधा मन ढळते : कोणी संशयी होतो, कोणी स्वार्थी, कोणी हताश, मग आज्ञाही पाळली जात नाही. २०० वर हृदय बंद पडू लागते. उपचारांना मोहरा मोजाव्या लागतात, नवा माणूस मात्र फुकट मिळतो. साहजिकच खचलेल्याला बरे करण्यापेक्षा काढून टाकणे स्वस्त पडते. खेळ तसे सांगत नाही. हिशेब खेळणाराच करतो. आणि प्रत्येक कृती आपोआप नोंदली जात असल्याने मागे फिरून ती पुसता येत नाही. ‘प्रौढांसाठी’ या शब्दाचा खरा अर्थ मला रक्तपातात नव्हे, येथे दिसतो.

म्हणजे खेळणाऱ्याला दिलेली भूमिका वीराची नाही, खोताची आहे. पनवेल ज्या कुलाबा (१९८१ पासून रायगड) जिल्ह्यातले, त्याच जिल्ह्यात चरी येथे १९३३ मध्ये नारायण नागू पाटील यांच्या नेतृत्वाखाली कुळांचा संप सुरू झाला व तो काही वर्षे चालला. खोती कायद्याने गेली ती १९४९ च्या अधिनियमाने. तेव्हा येथील विद्यार्थ्याला ही भूमिका परकी वाटू नये. श्री. ना. पेंडसे यांच्या ‘तुंबाडचे खोत’ (१९८७) मध्ये आपण खोतांना पिढ्यान्‌पिढ्या पाहतो, पण पाहतो ते बाहेरून.

साधारणीकरणाच्या सिद्धांताला अडचण येते ती नेमकी येथे. भट्टनायकाचा रसिक भाव आस्वादितो, कारण तो ना त्याचा असतो ना परक्याचा. खचलेल्या माणसाला वाटेला लावणारा हात मात्र खेळणाऱ्याचाच असतो. तेथे जी बोचणी उरते तिला भयानक म्हणता येत नाही, बीभत्सही नाही. आणि तिला रस म्हणावे काय, याविषयी मी स्वतः साशंक आहे.